परत द्यायचा गुबडू

दादा येणार असल्याचा फोन आला, तेव्हा आईने आधी गेम चार्जिंगला लावला आणि मग मला बातमी सांगितली. त्यावरून काय ते समजा.

गेम म्हणजे दोन्ही हातांत धरून खेळायचा, बाजूला बटणं असलेला, जुना. मुळात तो माझा. दोघा भावंडांत भांडणं नकोत म्हणून दादाला एक आणि मला एक असे घेतलेले. त्यात रानात हिंडून प्राणी पकडायचे, त्यांना शिकवायचं आणि दुसऱ्यांच्या प्राण्यांशी झुंजवायचं. मी महिनाभर खेळले आणि टाकून दिला. आईने तो धूळ पुसून उचलला आणि अजून सोडलेला नाही. ती ड्रायक्लीनरच्या दुकानात वाफेच्या इस्त्रीवर काम करते. दिवस सगळा उभ्याने जातो. दुपारच्या सुट्टीत बाकीच्या बायका गप्पा मारतात, आणि आमच्या मातोश्री मागच्या दाराशी स्टूल टाकून गुबडूला फिरवतात.

गुबडू म्हणजे मातीत बिळं करणारा, गोल कानांचा, जाडजूड प्राणी. दिसायला उशीसारखा आणि अकलेनेही साधारण तेवढाच. तो आईने पकडलेला नाही. दादाने दिलेला आहे. सगळं रामायण तिथूनच सुरू होतं.

दादा नोकरीसाठी घर सोडून निघाला, त्याच्या आदल्या दिवशी त्याला माझ्या गेममधला एक शिंगवाला प्राणी हवा होता. त्या कंपनीने दोन तऱ्हेचे गेम विकले होते. काही प्राणी ह्यात सापडणार, काही त्यात, म्हणजे लोकांनी मुकाट्याने वायर जोडून अदलाबदल करावी. मी गेमला हात लावत नव्हते, म्हणून त्याने आईला बसवलं. आईने शिंगवाला दिला, दादाने गुबडू दिला, आणि बॅगेची चेन ओढता ओढता म्हणाला, "सांभाळ हं याला."

मग स्वयंपाकघरात येऊन मला हसत हसत म्हणाला, की बादच होता, दिला ढकलून.

आईने पहिलं वाक्य ऐकलं, मी दुसरं. मी ते तिला कधी सांगितलं नाही. आधी वाटलं, दोन दिवसांत विसरेल. नंतर सांगायची सोयच उरली नाही.

आता हे लळ्याचं प्रकरण काय असतं ते सांगते, नाहीतर पुढचं कळायचं नाही. मी मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात काम करते. वस्तू हातात आली की आत काय आहे ते बघितल्याशिवाय मला चैन पडत नाही, तसंच ह्याही गेमचं केलं. प्रत्येक प्राण्याच्या पोटात एक आकडा असतो. तो बाहेर दिसत नाही. प्राण्याला सोबत घेऊन चाललात की तो वाढतो. अंगावरून हात फिरवला, खायला दिलं की वाढतो, पण खाण्याने थोडाच. चालण्याने हळूहळू पण पुष्कळ. झुंजीत प्राणी बेशुद्ध पडला की आकडा उतरतो. गोदामात ठेवून दिला तर आहे तिथेच राहतो, जन्मभर. आणि प्राणी एका गेममधून दुसऱ्यात गेला, की सगळं पुसून पहिल्यापासून सुरू. तुम्ही वर्षानुवर्षं जीव लावलेला असो की काल पकडलेला, वायर ओलांडली की तो तुम्हाला ओळखत नाही.

म्हणून गुबडू आला तेव्हा आईचं काडीचं ऐकायचा नाही. ती म्हणायची मार, तो पाठ फिरवून झोपायचा. मी म्हणाले, कसला आगाऊ आहे, टाक गोदामात. आई म्हणाली, नवीन घर आहे, रुळेल. आणि तिने त्याला घेऊन चालायला सुरुवात केली. गेममधल्या एका गावात लांबलचक पूल आहे, तिथे कोणी झुंजीला अडवत नाही. त्या पुलावरून इकडून तिकडे आणि तिकडून इकडे. दुकानात चालायची, बसमध्ये चालायची, दवाखान्यात नंबर येईपर्यंत चालायची. डॉक्टरने एकदा हाक मारली तर म्हणाली, थांबा, एवढा पूल संपू दे.

त्यात कडू औषधाचा एक गमतीचा प्रकार आहे. जखमी प्राण्याला बरं करायला एक कडू पाला मिळतो. तो स्वस्त असतो आणि गुणही लवकर येतो, पण प्राणी तोंड वाकडं करतो आणि तुम्ही त्याच्या मनातून थोडे उतरता. आईला हे मी सांगितल्यापासून तिने तो पाला बंद केला. तो महागडा गोड रस घ्यायची. आम्हाला लहानपणी नाक दाबून काढे पाजणारी हीच बाई. मी तिला हे बोलून दाखवलं, तर म्हणाली, तुम्ही कुठे पळून जाणार होतात.

हळूहळू गुबडू ऐकायला लागला. मग नुसतं ऐकण्यावर थांबला नाही, जीव टाकायला लागला. त्या गेममध्ये लळा फार वाढला की प्राणी कधी कधी नियम मोडतात. एकदा समोरच्याने असा तडाखा दिला की गुबडू आडवाच व्हायला हवा होता. पण तो धुगधुगीवर उभा राहिला आणि खाली अक्षरं उमटली: तुला वाईट वाटू नये म्हणून गुबडूने तग धरला. आईने गेम मांडीवर ठेवला आणि पदराने डोळे पुसले. मी म्हणाले, अगं आई, हे आकडे आहेत, आकडे. ती म्हणाली, मला माहीत आहे. आणि पुन्हा डोळे पुसले.

पुलापलीकडच्या गावात एक म्हातारी राहते. तिच्यासमोर प्राणी नेला की ती तुमच्यातलं नातं एका वाक्यात सांगते. आकडा नाही सांगत, वाक्य सांगते. सुरुवातीला म्हणायची, याला तू अजून परकीच आहेस. मग म्हणाली, सवय होतेय. शेवटचं वाक्य असं: याचा तुझ्यावर इतका जीव आहे, की याच्यासाठी घर म्हणजे तू. त्याच्या पुढे वाक्य नाही. तरी आई रोज जायची आणि तेच वाक्य वाचून यायची. दुसरं कोणी तिला असं म्हणणारं नव्हतं म्हणा.

आणि ह्याच ठिकाणी खरा घोळ झाला.

लळा एका मर्यादेपलीकडे गेला, की गुबडू मोठा होतो. म्हणजे त्याचं रूपच बदलतं. झुंज जिंकून तो एक पायरी वर चढला, की पडदा पांढरा पडतो, गुबडू लखलख करायला लागतो आणि खाली लिहून येतं, की गुबडूला काहीतरी होतंय. तेवढ्यात रद्दचं बटण दाबलं, तर थांबतं. पहिल्यांदा हे झालं तेव्हा आईला वाटलं त्याला फिट आली. हाताला लागतील ती बटणं दाबली तिने, त्यात ते दाबलं गेलं आणि गुबडू होता तसा झाला. घाम फुटला होता बाईला. मी तिला समजावलं, की आजार नाही, तो मोठा होतोय, होऊ दे. आकार वाढेल, ताकद वाढेल. तिने सगळं नीट ऐकून घेतलं. पुढच्या झुंजीनंतर पडदा पुन्हा पांढरा पडला, आणि तिने पुन्हा बटण दाबलं. ह्या खेपेला शांतपणे.

मी विचारलं, का?

"त्याने असा दिलाय," आई म्हणाली. "असाच परत द्यायचा. त्याला ओळखू नको यायला?"

तेव्हापासून दर पायरीला गुबडू मोठा व्हायला बघतो आणि आई त्याला थांबवते. अंगठा कसा जायचा तिचा त्या बटणावर, न बघता. कॉलरवरून इस्त्री फिरवावी तसा.

तिचा हिशोब सरळ होता. मुलाने जाताना एक वस्तू सांभाळायला दिली, तो येईल तेव्हा ती धडधाकट त्याच्या हातात ठेवायची. गुबडू हे नावही त्यानेच लाडाने ठेवलं असणार, असं ती धरून चालली होती. दुसरा गुबडू तिने कधी पाहिला नव्हता. आमच्या गेममध्ये तो सापडतच नाही. मधल्या काळात दादा आला नाही असं नाही. आला, पण सकाळी येऊन संध्याकाळी परत, फोन कानाला. आई म्हणायची, घाईत आहे, पुढच्या वेळी देऊ. ह्या वेळी तो चांगला चार दिवस राहणार होता.

खरं सांगायचं तर मला मत्सर वाटायचा. गुबडूचा नाही, दादाचा. तिची औषधं आणते मी, गिझर बिघडला तर उघडते मी, तिच्याशी रोज भांडते मी. आणि तळहातावरच्या फोडासारखं जपायचं ते ह्या साहेबांनी ढकलून दिलेलं.

मी दुकानातून दादाला फोन लावला. सांगितलं, आई तुला गुबडू परत देणार आहे.

"कुठला गुबडू?" तो म्हणाला.

मग मी त्याची अशी खरडपट्टी काढली, की शेजारच्या टेबलावरचा आमचा कारागीर स्क्रू सोडून ऐकत बसला. दादाला मी सगळं पढवलं. ओळखल्यासारखं कर. जुनी आठवण आल्यासारखं बोल. आणि मुख्य म्हणजे घेऊ नकोस. म्हण, तुझ्याकडेच राहू दे. तो हो हो म्हणाला. तो विमा विकतो, हो म्हणण्यात त्याचा हात कोणी धरणार नाही.

आईलाही मी शेवटचं समजावून बघितलं. म्हणाले, वायर जोडून पाठवलास की लळा सगळा पुसला जाईल. म्हातारीचं वाक्य जाईल. तो तुला विसरेल.

"विसरायलाच हवा," आई म्हणाली. "माझ्यात अडकून राहिला तर तुझ्या दादाचं कसं ऐकेल तो?"

मग मी दुकानातून जोडायची वायर आणून ठेवली.

दादा आला. जाड झालाय, केस मागे सरलेत, बाकी तोच. जेवणं झाली. आईने हात धुतले, पुसले, आणि गेम त्याच्यापुढे धरला. दादाने मी पढवल्याप्रमाणे केलं, पण आमच्या दादाला कुठे थांबावं ते कळत नाही. अरे वा, गुबडू! अजून तसाच! किती आठवण यायची मला ह्याची! आई लाजलीच एकदम. आणि ती इतकी खूश झालेली बघून ह्याला चेव चढला. ती म्हणाली, घे मग, तुझा तू. आणि हा म्हणाला, हो दे की.

मी टेबलाखालून लाथ मारली. ती खुर्चीला लागली.

दादाचा जुना गेम माळ्यावर होता. तो मीच काढला, दुसरं कोण काढणार. बॅटरीचे पत्रे गंजले होते, ते घासले, दुकानातून वायर आणलेली होती ती जोडली. दोन्ही गेम टेबलावर समोरासमोर. आईने चष्मा लावला. तिने गुबडू निवडून पुढे ठेवला. एकदा त्याच्या अंगावरून हात फिरवला, म्हणजे पडद्यावर बोट फिरवलं, आणि बटण दाबलं.

आता अदलाबदल म्हटली की समोरच्यानेही काहीतरी द्यावं लागतं. हे मला माहीत होतं, आईला माहीत होतं, दादा विसरला होता. त्याच्या पडद्यावर आपोआप त्याचं गोदाम उघडलं.

आईने मान वाकडी करून बघितलं. गोदामात ओळीने गुबडू होते. एक कप्पा भरून गुबडू, आणि दुसऱ्या कप्प्यातही अर्ध्यापर्यंत तेच. गोल कान, जाड पोट, प्रत्येकाखाली लिहिलेलं: गुबडू. दादाला तेव्हा एक जोरकस हवा होता, म्हणून तो पकडत गेला होता. हवा तो मिळाल्यावर बाकीचे तसेच पडून राहिले.

बाहेर कोणीतरी जिन्यावरून सायकल उतरवत होतं, तिचा प्रत्येक पायरीला आवाज येत होता.

"सगळ्यांचं नाव गुबडूच?" आईने विचारलं.

दादाने माझ्याकडे बघितलं. मी नजर हलवली नाही. निस्तर म्हटलं.

"नाव नाही ते, आई. जात आहे त्यांची."

"मग ह्याचं नाव काय ठेवलं होतंस?"

"ठेवलं नव्हतं," दादा म्हणाला. एवढं एकच वाक्य त्या दिवशी तो खरं बोलला, आणि मला त्याचा राग येता येता राहिला. लहान असताना काच फोडली की असाच उभा राहायचा.

आई त्या ओळींकडे बघत होती. मला वाटलं आता रडेल, किंवा माझ्यावर घसरेल, की तुला ठाऊक होतं ना. तसं काही झालं नाही. तिने विचारलं, ह्यांना बघतं कोण? दादा म्हणाला, कोणी नाही, गोदामात असतात, त्यांना काही होत नाही. आई म्हणाली, तेच तर. मग तिने आपल्या गेमवरचं रद्दचं बटण दाबलं. गुबडू पुलावर परत आला. तिने वायर काढली, इस्त्रीची गुंडाळते तशी कोपरावर गुंडाळली आणि माझ्या हातात दिली.

दादा म्हणाला, आई, मला खरंच हवाय तो. आई म्हणाली, असू दे रे, चहा घेणार का? आवाजात कुठे राग नव्हता. तेच जास्त वाईट होतं.

चहा झाल्यावर ती खिडकीजवळच्या खुर्चीत बसली आणि गुबडूला घेऊन पुलापलीकडच्या गवतात शिरली. मी एका बाजूला उभी राहिले. दादा दुसऱ्या बाजूला येऊन उभा राहिला, लहानपणी राहायचा तसा, खुर्चीच्या पाठीवर हनुवटी टेकवून. एक किरकोळ झुंज झाली. गुबडू जिंकला, एक पायरी चढला. पडदा पांढरा पडला. गुबडूला काहीतरी होतंय.

आईचा अंगठा सवयीने बटणावर गेला.

"थांबव ना आई," दादा म्हणाला. "आहे तसाच छान आहे."

आईने अंगठा उचलला.

"तुला ओळखू यावा म्हणून थांबवत होते," ती म्हणाली. "आता कशाला?"

गुबडू लखलखला, लांब झाला, रुंद झाला. कान मागे गेले, पुढच्या पायांना नखं फुटली. पडदा निवळला तेव्हा मातीच्या ढिगावर एक दांडगा, गंभीर प्राणी उभा होता आणि खाली त्याचं नाव बदलून भलतंच आलं होतं. गुबडू कुठेच लिहिलेलं नव्हतं. मीही वाकून जवळून बघितलं, कबूल करते. आकडे, आकडे म्हणून तिची थट्टा करणारी मीच.

आई चष्मा वर करून त्याच्याकडे बघत राहिली. "थोराड झाला," ती म्हणाली. तिचा चेहरा उतरला होता. ती त्याला घेऊन सरळ म्हातारीच्या घरी चालायला लागली. पूल ओलांडला. तो तिच्या मागे मागे चालत होता, आता दोन पावलं टाकायची तिथे एक टाकत. म्हातारीच्या दारात आई थांबली. बटण दाबायला तिला जरा वेळ लागला.

याचा तुझ्यावर इतका जीव आहे, की याच्यासाठी घर म्हणजे तू.

आईने ते मोठ्याने वाचलं. मग दादाला म्हणाली, बघ रे, तूही वाच. दादाने वाचलं. त्याचा आवाज नीट निघाला नाही, आणि ह्या वेळी ते नाटक नव्हतं, तेवढं मला त्याच्यातलं कळतं.

आईने गेम सेव्ह करून बंद केला. टेबलावर दादाचा गेम तसाच उघडा पडला होता, गोदामातल्या सगळ्या ओळी दिसत होत्या. तिने तो उचलून त्याच्या हातात ठेवला.

"जाताना हा घेऊन जा," ती म्हणाली. "त्यातला एक तरी बाहेर काढ."

दादाने मान हलवली आणि तिच्या पायाशी खाली बसला. मग त्याने तिला विचारलं, की पूल कुठल्या गावात आहे.